‘आमचा माणूस कुठे आहे?’ : हेबियस कॉर्पसची गोष्ट

हेडफोन घरी विसरलात किंवा लोकलच्या गर्दीत काहीच ऐकू येत नाहीये, तर नेहमीप्रमाणे आजचा भाग इथे वाचा. बोलताना दोन-तीन ठिकाणी मी भरकटलो होतो, ते लिहिताना जरा आवरलंय. बाकी सगळं तसंच.

आजचा विषय एका प्रश्नाचा आहे. एखाद्या घरातला माणूस बाहेर जातो आणि परत येत नाही. शेजारी सांगतात, जीप आली होती, त्यात बसवून नेला. घरचे चौकीवर जातात. तिथे उत्तर मिळतं, ‘आमच्याकडे नाही.’ मोठ्या साहेबांकडे जातात. तिथेही तेच. मग पुढे काय?

पुढे एक अर्ज असतो. त्या अर्जाला वकील लोक नुसतं ‘हेबियस’ म्हणतात. बातम्यांमध्ये आपण ‘बंदी प्रत्यक्षीकरण याचिका’ वाचतो. आपल्या राज्यघटनेच्या मराठी प्रतीत त्याला ‘देहोपस्थिती’ म्हटलंय. मूळ शब्द लॅटिन, हेबियस कॉर्पस. ढोबळ अर्थ असा, की ‘ज्याचा देह तुझ्या ताब्यात आहे, त्याला माझ्यासमोर आण.’ कोर्ट हे पोलिसांना सांगू शकतं, तुरुंगाधिकाऱ्याला सांगू शकतं, लष्कराला सांगू शकतं, आणि कुणाला घरात कोंडून ठेवणाऱ्या नातेवाइकालासुद्धा. माणूस आणा, आणि कोणत्या कायद्याने धरलाय ते दाखवा. कायदा दाखवता आला नाही तर सोडा.

ऐकायला किती सोपं वाटतं ना? पण समोरचा म्हणाला, ‘माझ्याकडे नाहीच,’ तर? किंवा म्हणाला, ‘मला विचारणारे तुम्ही कोण?’ भारतातला हेबियसचा इतिहास म्हणजे या दोन उत्तरांचा इतिहास आहे. सुरुवात करूया आपल्या पुण्यापासून.

पुणे, १८२८

पेशवाई बुडून फक्त १० वर्षं झालीत. मुंबईत इंग्रज राजाच्या नावाने चालणारं एक सुप्रीम कोर्ट आहे. गडबड करू नका, हे आजचं सर्वोच्च न्यायालय नव्हे. आणि कंपनी सरकारचा कारभार बघायला गव्हर्नर आहेत सर जॉन माल्कम.

या कोर्टाकडे अर्ज आला, की पुण्यात मोरो रघुनाथ नावाचा साधारण १४ वर्षांचा मुलगा आहे, त्याला घरातल्याच वडीलधाऱ्या माणसाने, पांडुरंग रामचंद्र यांनी, डांबून ठेवलंय. पांडुरंग रामचंद्र म्हणजे पुण्यातलं बडं प्रस्थ. कोर्टात तेव्हा एकच न्यायाधीश उरले होते, सर जॉन पीटर ग्रँट. बाकीचे दोघे त्याच वर्षी काही महिन्यांच्या अंतराने वारले होते. ग्रँटसाहेबांनी हुकूम काढला, मुलाला कोर्टात हजर करा.

गव्हर्नर माल्कम म्हणाले, हा हुकूम पुण्यात बजावू देणार नाही. त्यांचं म्हणणं असं, की तुमचं कोर्ट मुंबई बेटापुरतं. पुण्यातल्या मातब्बर माणसांना तुम्ही असं बोलावू लागलात तर कंपनी सरकारचा दरारा काय राहणार? ग्रँटही इरेला पेटले. माझा हुकूम चालत नसेल तर मी कोर्टच चालवत नाही, म्हणाले. आणि १८२९ च्या एप्रिलमध्ये त्यांनी खरोखरच कोर्टाला टाळं लावलं!

भांडण लंडनला गेलं, प्रिव्ही कौन्सिलपुढे. तिथे ग्रँट हरले. निकाल असा, की पुण्यातल्या अशा माणसावर मुंबईच्या कोर्टाचा अधिकार चालत नाही. तिकडे लंडनमध्ये कंपनीच्या कारभारावर देखरेख करणाऱ्या लॉर्ड एलनबरोंनी माल्कमना एक खासगी पत्र लिहिलं होतं. आता दोन नवे न्यायाधीश पाठवतोय, तेव्हा ग्रँटची अवस्था दोन माणसाळलेल्या हत्तींमध्ये सापडलेल्या रानटी हत्तीसारखी होईल, अशा अर्थाचं. ते पत्र फुटलं, छापलं गेलं आणि मोठा बभ्रा झाला.

आता त्या १४ वर्षांच्या पोराचा विचार करा. या सगळ्यात तो कुठे आहे? कोर्ट आणि गव्हर्नर यांच्यातली लढाई ‘अधिकार कुणाचा’ यावर झाली. ‘मुलगा कसा आहे’ हा प्रश्न बाजूलाच पडला. ही गोष्ट डोक्यात ठेवा, कारण दीडशे वर्षांनी हेच पुन्हा घडणार आहे, आणि त्या वेळी दिल्लीत.

१ मार्च १९७६, पहाट

आता आपण केरळात जातोय. कालिकतजवळचं रिजनल इंजिनिअरिंग कॉलेज. आणीबाणी लागून आठ महिने झालेत. २८ फेब्रुवारीच्या रात्रीपासून, जवळच्या भागात खळबळ आहे, कारण कायण्णा इथल्या पोलीस ठाण्यावर नक्षलवाद्यांनी हल्ला केलाय. (लीप वर्ष होतं, त्यामुळे मधे २९ फेब्रुवारीही आहे.) पोलीस चवताळलेत आणि दिसेल त्याला उचलतायत.

पी. राजन हा शेवटच्या वर्षाचा विद्यार्थी. गाणारा, कलामहोत्सवांत भाग घेणारा मुलगा. १ मार्चच्या पहाटे मुलं विद्यापीठाच्या कलामहोत्सवाहून हॉस्टेलवर परतली, तेव्हा पोलीस तिथे होते. राजनला त्यांनी गाडीत घातलं. हे लपूनछपून झालं नाही, कॉलेजातल्या कित्येकांनी पाहिलं. प्राचार्यांनी त्याच्या वडिलांना रजिस्टर पत्र पाठवून कळवलं, की तुमच्या मुलाला पोलिसांनी नेलंय.

वडील म्हणजे टी. व्ही. ईच्चर वारियर. हिंदीचे प्राध्यापक. साधा, मध्यमवर्गीय, शिक्षक माणूस. त्यांनी आपल्याला सुचतील ती सगळी दारं ठोठावली. पोलीस अधिकाऱ्यांना भेटले. गृहमंत्री के. करुणाकरन यांना जाऊन भेटले. गृहसचिवांना लिहिलं, खासदारांना लिहिलं, राष्ट्रपतींपर्यंत अर्ज पाठवले. कुठूनही सरळ उत्तर आलं नाही. दिवस गेले, महिने गेले, वर्ष उलटलं.

तुम्ही म्हणाल, कोर्टात का नाही गेले? हेबियस होतंच की! मंडळी, इथेच दिल्लीतली गोष्ट येते.

एक न्यायाधीश एक प्रश्न विचारतो

आणीबाणी लागल्यावर दोनच दिवसांत, २७ जून १९७५ ला, राष्ट्रपतींचा आदेश निघाला होता. घटनेच्या कलम १४, २१ आणि २२ मधले हक्क मिळवण्यासाठी कोर्टात जाता येणार नाही, असा. कलम २१ म्हणजे जगण्याचा आणि स्वातंत्र्याचा हक्क. तरीही देशभरात तुरुंगात टाकलेल्यांच्या वतीने हेबियसचे अर्ज झाले, आणि नऊ उच्च न्यायालयांनी म्हटलं, की आम्ही हे अर्ज ऐकू. आपल्या मुंबई उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठही त्यांत होतं. आणीबाणीच्या काळात हे म्हणायला धाडस लागत होतं.

सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं. हाच तो प्रसिद्ध खटला, एडीएम जबलपूर विरुद्ध शिवकांत शुक्ल. पाच न्यायाधीशांपुढे सुनावणी चालू असताना न्यायमूर्ती एच. आर. खन्ना यांनी ॲटर्नी जनरल निरेन डे यांना एक प्रश्न विचारला. कलम २१ मध्ये जिवाचाही उल्लेख आहे. समजा, एखाद्या पोलिसाने वैयक्तिक वैरातून कुणाला ठार मारलं, तरीही कोर्टात दाद मागता येणार नाही का? डे यांनी सांगितलं, की माझा युक्तिवाद मान्य केला तर आणीबाणी चालू असेपर्यंत, नाही.

हा प्रश्न विचारला गेला तेव्हा तो सगळ्यांना कल्पनेतला वाटला असणार. वकिली डोक्याचा, टोकाचा प्रश्न. निकाल लागला २८ एप्रिल १९७६ ला. चार विरुद्ध एक. हेबियसचा अर्ज करण्याचा अधिकार कुणालाच नाही, असं चार न्यायाधीश म्हणाले. त्यांत पुण्यात जन्मलेले न्यायमूर्ती वाय. व्ही. चंद्रचूडही होते. एकटे खन्ना विरोधात उभे राहिले. पुढे जानेवारी १९७७ मध्ये ज्येष्ठ असूनही त्यांना डावलून एम. एच. बेग यांना सरन्यायाधीश केलं गेलं, आणि खन्नांनी राजीनामा दिला.

आता तारखा एकमेकींशेजारी ठेवून बघा. निकाल २८ एप्रिलला. राजन पोलिसांच्या ताब्यात गेला १ मार्चला. तो नंतर कधीच कुणाला दिसला नाही. म्हणजे देशातलं सर्वांत मोठं कोर्ट ‘विचारता येणार नाही’ असं सांगत होतं, तेव्हा केरळातला एक बाप नेमकं तेच विचारत दारोदार फिरत होता. खन्नांचा प्रश्न कल्पनेतला राहिलाच नव्हता. फक्त ते दिल्लीत कुणाला ठाऊक नव्हतं.

‘आमच्याकडे नाही’ : पण कोर्ट तिथे थांबलं नाही

मार्च १९७७. निवडणुका झाल्या, इंदिरा गांधी हरल्या, २१ मार्चला आणीबाणी उठली. गंमत बघा, देशभर काँग्रेस आपटली पण केरळात काँग्रेसची आघाडी दणदणीत जिंकली. आणीबाणीत गृहमंत्री असलेले करुणाकरन २५ मार्चला मुख्यमंत्री झाले. आणि त्याच आठवड्यात वारियर सरांनी केरळ उच्च न्यायालयात हेबियसची याचिका दाखल केली. प्रतिवादी कोण? खुद्द मुख्यमंत्री, गृहसचिव आणि वरिष्ठ पोलीस अधिकारी.

सगळ्यांचं उत्तर एकच. राजनला कधी ताब्यात घेतलंच नाही.

आता जरा इथे थांबूया, कारण या भागाचा गाभा हाच आहे. हेबियसमध्ये साधारणपणे कागदांवर काम चालतं. याचिका येते, सरकार प्रतिज्ञापत्र देतं, कोर्ट दोन्ही वाचून निर्णय देतं. सरकारने शपथेवर ‘नाही’ म्हटलं, तर बऱ्याचदा विषय तिथेच मिटतो. ‘माणूस ताब्यात नाही, मग हजर कुणाला करायचं?’ असं म्हणून फाइल बंद. नीट विचार केलात तर लक्षात येईल, की हा नियम पक्का केला तर जो अधिकारी माणसाला धरून नोंद ठेवतो तो अडकतो, आणि जो नोंदच ठेवत नाही तो सुटतो. जेवढा गुन्हा मोठा, तेवढं उत्तर सोपं!

न्यायमूर्ती सुब्रमण्यन पोट्टी आणि न्यायमूर्ती खालिद यांनी ‘नाही’वर विश्वास ठेवला नाही. त्यांनी साक्षीदार बोलावले. प्राचार्य आले. कॉलेजातले लोक आले. आणि राजनबरोबर कक्कयमच्या छावणीत ठेवलेले लोक आले. कक्कयम म्हणजे जंगलातला, धरण आणि वीज प्रकल्पाचा परिसर. तिथे क्राइम ब्रँचचे डीआयजी जयराम पडिक्कल यांच्या देखरेखीखाली पोलिसांची चौकशी छावणी चालली होती. आणलेल्या मुलांना बाकावर बांधायचं आणि मांड्यांवरून जड लाकडी मुसळ फिरवायचं, असा छळ तिथे चालायचा. केरळात त्याला ‘उरुट्टल’ म्हणतात, म्हणजे लाटणं. या छावणीत आपण राजनला पाहिलं, असं साक्षीदारांनी सांगितलं.

१३ एप्रिल १९७७ ला निकाल आला. कोर्ट म्हणालं, राजनला पोलिसांनी नेलं होतं आणि कक्कयममध्ये ठेवलं होतं, हे आमच्यापुढे सिद्ध झालंय. तेव्हा २१ एप्रिलला त्याला हजर करा. आणि करू शकत नसाल, तर त्याला शोधायला काय काय केलंत ते सविस्तर सांगा.

म्हणजे कोर्टाने काय केलं, बघा. ‘आमच्याकडे नाही’ हे उत्तर त्यांनी प्रश्नाचा शेवट मानलं नाही. तुमच्याकडे होता ना? मग आता कुठे आहे, हे सांगण्याची जबाबदारी तुमची. बापाची नव्हे.

एप्रिल महिना संपायच्या आत, २५ तारखेला, करुणाकरन यांनी राजीनामा दिला. एका महिन्याचं मुख्यमंत्रिपद. आणि पुढच्या काही आठवड्यांत सरकार पक्षाने न्यायालयात मान्य केलं, की राजनचा पोलिसांच्या ताब्यात, छळाने, कक्कयममध्ये मृत्यू झाला. २ मार्च १९७६ ला. म्हणजे नेल्याच्या दुसऱ्याच दिवशी. वडील गृहमंत्र्यांना भेटायला गेले, अर्ज लिहिले, रात्री जागून काढल्या, त्या सगळ्या काळात मुलगा जिवंतच नव्हता.

मृतदेह कधीच मिळाला नाही.

मग जिंकलं कोण?

ऐकताना बऱ्याच जणांना इथे टाळ्या वाजवाव्याशा वाटतात. पण गोष्ट पुढे फारशी गोड नाही. कोर्टात खोटं सांगितल्याबद्दल कारवाईचा आदेश झाला, तो वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, पण करुणाकरन त्यातून सुटले आणि नंतर पुन्हा मुख्यमंत्री झाले. पोलीस अधिकाऱ्यांवरचा खटला कोइम्बतूरला चालला. पडिक्कल यांना खालच्या कोर्टात शिक्षा झाली, ती अपिलात रद्द झाली. पुढे ते केरळ पोलिसांच्या सर्वोच्च पदापर्यंत पोचले. देहच सापडला नाही, तर खून सिद्ध करणं किती कठीण असतं, हे या खटल्याने दाखवलं.

राजनची आई २००० मध्ये गेली. वारियर सरांनी मल्याळममध्ये आठवणी लिहिल्या, एका बापाच्या आठवणी. त्या पुस्तकाला केरळ साहित्य अकादमीचा पुरस्कारही मिळाला. २००६ मध्ये तेही गेले. या घटनेवरून प्रेरणा घेऊन शाजी करुण यांनी ‘पिरवी’ नावाचा चित्रपट केला. त्यातला म्हातारा बाप रोज मुलाची वाट बघत बसथांब्यावर जातो. १९८९ मध्ये कान महोत्सवात त्याची दखल घेतली गेली. कुठे मिळाला तर नक्की बघा, पण निवांत वेळ असेल तेव्हाच.

मग त्या याचिकेने काय मिळालं? माणूस मिळाला नाही. शिक्षाही टिकली नाही. मिळालं ते एवढंच, की सरकारला तोंड उघडून कबूल करावं लागलं. ‘तुमचा मुलगा पळून गेला असेल, भूमिगत झाला असेल’ ही कुजबुज संपली. तुम्हाला हे थोडं वाटेल. पण ज्या घरात ‘कदाचित येईल’ म्हणून वर्षानुवर्षं दार उघडं ठेवतात ना, त्या घराला विचारा. कबुलीचं मोल काय असतं ते तिथे कळतं.

मणिपूर, १९८२ : मोकळ्या खुर्चीला उत्तर

राजनच्या निकालानंतर पाच-सहा वर्षांनी हाच प्रश्न सर्वोच्च न्यायालयात आला. या वेळी समोर लष्कर होतं. मार्च १९८२ मध्ये मणिपूरच्या डोंगराळ भागातल्या एका नागा गावातून दोन माणसांना फुंगरेई इथल्या लष्करी छावणीत नेलं गेलं. एक मणिपूर रायफल्समधून निवृत्त झालेले, दुसरे चर्चमध्ये काम करणारे. ते परत आले नाहीत. बायकांनी शोधाशोध केली. दिल्लीत जवाहरलाल नेहरू विद्यापीठात शिकणाऱ्या एका विद्यार्थ्याने त्यांच्या वतीने याचिका केली. नातेवाईक नसलेला माणूसही असा अर्ज करू शकतो, हे लक्षात ठेवा. कोंडलेला माणूस स्वतः कोर्टात कसा येणार?

हा खटला सेबॅस्टियन होंगरे विरुद्ध भारत सरकार या नावाने ओळखला जातो. लष्कराचं म्हणणं होतं, आम्ही त्यांना सोडून दिलं. कोर्टाला ते पटलं नाही. नोव्हेंबर १९८३ मध्ये कोर्टाने आदेश दिला, दोघांना हजर करा. हजर केलं गेलं नाही. १९८४ मध्ये कोर्टाने म्हटलं, की आदेश पाळला गेला नाही, हा न्यायालयाचा अवमान आहे. मग शिक्षा कुणाला आणि कसली द्यायची? कोर्टाने सरकारला सांगितलं, दोन्ही बायकांना प्रत्येकी १ लाख रुपये द्या. शिवाय पोलिसांनी गुन्हा नोंदवून तपास करावा, असंही सांगितलं.

१ लाखाने नवरा परत येत नाही, हे कोर्टालाही कळत होतं. पण त्याआधी हेबियसमध्ये रिकामे हात दाखवले की सुटका व्हायची. आता रिकाम्या हातांचीही किंमत मोजावी लागेल, ही वाट या खटल्याने उघडली. ओडिशातल्या निलाबती बेहेरा या आईने कोर्टाला पत्र लिहिलं. तिच्या मुलाला पोलिसांनी नेलं होतं आणि नंतर त्याचा मृतदेह रेल्वे रुळांवर सापडला होता. कोर्टाने ते पत्रच याचिका मानलं आणि १९९३ मध्ये सरकारला दीड लाखाची भरपाई द्यायला लावली. कोठडीतल्या मृत्यूंसाठी भरपाई हा हक्क आहे, हे तिथे पक्कं झालं.

आणि १९९६ मध्ये डी. के. बसू खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने अटकेचे नियमच घालून दिले. अटक करणाऱ्याच्या अंगावर नावाची पट्टी हवी. अटकेचा पंचनामा जागेवर करायचा, त्यावर तारीख आणि वेळ लिहायची, साक्षीदाराची सही घ्यायची. घरच्यांना किंवा मित्राला कळवायचं. हे नियम वाचताना रुक्ष वाटतात. पण नीट बघाल तर यातला प्रत्येक नियम ‘आमच्याकडे नाही’ हे उत्तर अवघड करण्यासाठी आहे. राजनला नेलं त्या पहाटे असा एक कागद बनला असता तर?

उलटी बाजू : माणूस समोर उभा असेल तर

आता जरा वेगळी गोष्ट. आज उच्च न्यायालयांत ‘हरवलेल्या व्यक्ती’साठी जे हेबियसचे अर्ज येतात, त्यांत एक मोठा प्रकार असा असतो, की मुलगी घरातून गेली, लग्न केलं, आणि आईवडील म्हणतात, ‘आमच्या मुलीला पळवलंय, हजर करा.’

२०१७ मध्ये त्याच केरळ उच्च न्यायालयात असाच एक खटला झाला, हादियाचा. अर्ज वडिलांचाच होता. मुलगी सज्ञान होती, शिकलेली होती, कोर्टात उभी राहून सांगत होती, की मी माझ्या मर्जीने राहतेय. तरी उच्च न्यायालयाने तिचं लग्न रद्द ठरवलं आणि तिला आईवडिलांकडे पाठवलं. मार्च २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. म्हटलं, की सज्ञान व्यक्ती कुणाबरोबर राहील, कुणाशी लग्न करेल, हे ठरवणं हेबियसच्या अर्जात कोर्टाचं काम नाही.

एकाच न्यायालयातल्या, ४० वर्षांच्या अंतराच्या दोन बापांच्या याचिका. एका बापाच्या बाजूला कोर्टाने उभं राहायला हवं होतं आणि ते राहिलं. दुसऱ्या बापाचं दुःख खोटं नव्हतं, पण तिथे हरवलेला कुणी नव्हताच. मुलगी समोर उभी होती आणि बोलत होती. ‘माणूस हजर करा’ या आदेशाचा अर्थ आधी त्या माणसाला ऐका, हाच आहे. पुण्याच्या मोरो रघुनाथला जे मिळालं नाही, ते हादियालाही मिळायला एक अख्खा निकाल उलटावा लागला.

आज आपण कुठे आहोत?

थोडक्यात सांगतो. आणीबाणीनंतर १९७८ मध्ये ४४ वी घटनादुरुस्ती झाली. आता आणीबाणी असली तरी कलम २० आणि २१ स्थगित करता येत नाहीत. आणि २४ ऑगस्ट २०१७ ला, खासगीपणाच्या हक्काच्या निकालात, सर्वोच्च न्यायालयाने एडीएम जबलपूरचा निकाल स्पष्टपणे रद्द ठरवला. ते लिहिणारे न्यायमूर्ती होते डी. वाय. चंद्रचूड. हो, त्याच वाय. व्ही. चंद्रचूडांचे चिरंजीव. वडिलांनी सही केलेला निकाल मुलाने चुकीचा म्हटला. भारताच्या कोर्टांच्या इतिहासात असे क्षण फार नाहीत.

पण सगळं झालंय असं समजू नका. सरकारी यंत्रणेने माणूस गायब करणं हा वेगळा गुन्हा म्हणून आपल्या कायद्यात अजून नाही. अशा गायब होण्याविरुद्धच्या संयुक्त राष्ट्रांच्या करारावर भारताने २००७ मध्ये सही केली, पण तो मान्य करून लागू केलेला नाही.

आणि हेबियसच्या मर्यादाही माहीत असू द्या. घरातलं माणूस हरवलं आणि कुणी धरून ठेवल्याचा काही धागादोरा नाही, तर आधी पोलिसांत मिसिंगची तक्रार. हरवलेलं मूल १८ वर्षांखालचं असेल तर पोलिसांनी गुन्हाच नोंदवायला हवा, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये सांगितलंय. ‘दोन दिवस वाट बघा’ असं कुणी म्हणालं तर ते ऐकून परत फिरू नका. हेबियस तेव्हा, जेव्हा कुणीतरी बेकायदा ताब्यात ठेवलंय असं म्हणायला आधार असेल. तो अर्ज उच्च न्यायालयात कलम २२६ खाली होतो, सर्वोच्च न्यायालयात कलम ३२ खाली. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. महिलांना, मुलांना आणि कोठडीत असलेल्यांना तिथे उत्पन्न न बघता मोफत मदत मिळते.

आणि राजनच्या खटल्याने शिकवलेली एक गोष्ट. कुणाला नेताना पाहिलंत तर लक्षात ठेवा. तारीख, वेळ, गाडीचा नंबर, कुणी पाहिलं त्यांची नावं. लिहून ठेवा आणि लेखी कळवा, पोच घ्या. त्या प्राचार्यांनी पाठवलेलं रजिस्टर पत्र आणि कोर्टात उभे राहून ‘हो, मी पाहिलं’ म्हणणारे लोक, यांच्या जोरावर एक मुख्यमंत्री पायउतार झाला. ते गप्प बसले असते तर कोर्टाचे हातही रिकामेच राहिले असते.

तर मंडळी, आजच्यापुरतं इतकंच. तुमच्या घरात किंवा गावात आणीबाणीतल्या आठवणी सांगणारं कुणी असेल तर त्यांच्याशी बोला, आणि त्यांची परवानगी असेल तर रेकॉर्ड करून ठेवा. हा भाग एखाद्या कायदा शिकणाऱ्या मित्राला पाठवा. पुढच्या भागात भेटूच.